बिनफेट्याचा राजा

"आबा, डोकं वाकवा की जरा," आमदार लालासाहेब तिसऱ्यांदा म्हणाले.

हंबीरराव वाकले नाहीत. फेटेवाला नऊ मीटरचा भगवा फेटा घेऊन मागं ताटकळला होता. खाली मंडपात सगळं गाव, मंडपाच्या कडेला कालवा. कालव्यात पाणी होतं. सकाळी सोडलेलं, मंडपापर्यंत आलेलं आणि मंडपापाशीच थांबलेलं. पुढचा कालवा अजून खणायचा होता. पण पाणी गावच्या हद्दीत पोचलं होतं, आणि सरकारी कागदाला तेवढं पुरतं.

एकतीस वर्षांपूर्वी हंबीररावांनी पाण्याच्या मोर्चात तहसील कचेरीसमोर डोक्यावरचा फेटा उतरवून भुईवर ठेवला होता. "माज्या रंगूच्या डोईवरची घागर उतरल्याबिगर ह्या डोक्यावर फेटा चढायचा न्हाई," असं सगळ्यांदेखत बोलले होते. जत तालुक्यात पाण्यापेक्षा शपथा जास्त. कुणी दाढी वाढवतो, कुणी चपला सोडतो. निवडणूक झाली की दाढ्या उतरतात आणि चपला सापडतात. हंबीररावांनी मात्र पाळली. दोन्ही लेकींची लग्नं उघड्या डोक्यानं लावली. मग त्या डोक्याचंच नाव झालं. बॅनरवर 'अनभिषिक्त सम्राट' आलं. एका इंग्रजी पेपरात 'अनक्राउन्ड किंग' छापून आलं, तेव्हा त्यांनी हायस्कूलच्या गुरुजींना चहाला बोलावून अर्थ विचारला. गुरुजी म्हणाले, दोन अर्थ होतात. ज्याच्या डोक्यावर मुकुट चढलेला नाही, तो एक. आणि मुकुट नसतानाही ज्याचं राज्य चालतं, तो दुसरा. हंबीररावांनी दुसरा ठेवून घेतला.

त्यांची बायको रंगूबाई तेवढ्यात पाण्याची तिसरी खेप घेऊन दारात आली होती. "आन् जिच्या डोक्यावर घागर हाय, तिला काय म्हणत्यात वो गुरुजी?"

गुरुजी चष्मा पुसत बसले.

आज तिचाही बंदोबस्त झाला होता. पत्रिकेत दोन नंबरचाच कार्यक्रम होता, 'सौ. रंगूबाई यांच्या डोईवरील घागर उतरविणे'. नवी पितळी घागर, तिला रिबीन, स्टेजवर पाच पावलं, फोटो. घागर उतरताना पदर सरकला आणि रंगूबाईच्या टाळूवरचं रुपयाएवढं टक्कल पहिल्या रांगेला दिसलं. पहिल्या रांगेनं टाळ्या वाजवल्या. घागर रिकामी होती, हे फक्त तिच्या मानेला कळलं.

तिसरा कार्यक्रम फेटा. चौथा, टँकरला निरोप. मंडपामागं पाण्याचा टँकर झेंडूच्या माळा घालून नवरदेवासारखा उभा केला होता. फेट्याचा फोटो छापून आला की गाव टँकरमुक्त. उद्यापासून फेऱ्या बंद.

हे हंबीररावांना ठाऊक होतं. त्यांची वस्ती अजून दीड मैल पुढं कोरडी आहे, हेही ठाऊक होतं. पण डोकं एकतीस वर्षं उन्हात होतं आणि फेटा इतका जवळ होता की त्याच्या खळीचा वास नाकाला येत होता. पंधरा दिवसांवर नातवाचं, शिवतेजचं लग्न होतं. आणि घागर तर उतरली होती. उभ्या गावानं बघितली होती. त्यांची मान बोटभर झुकली.

"हां, अस्सं! राजाला मुकुट!" लालासाहेब फोटोग्राफरकडं बघत म्हणाले.

"थांबा," रंगूबाई पुढं आली. "म्या बांधते."

मंडप खूश झाला. हे पत्रिका छापताना कुणालाच सुचलं नव्हतं. फेटेवाल्यानं फेटा तिच्या हातात दिला. तिनं तो मोकळा केला, दुहेरी धरला, पीळ दिला आणि मनगटाभोवती फिरवत फिरवत त्याची गोल, घट्ट चुंबळ केली. घागरीखाली डोक्यावर ठेवतात तशी.

"अहो वहिनी, हे काय?"

"सायेब, तुमची घागर म्या उतरवली. घरात तीन मोकळ्या पडल्यात, त्या कोण भरायच्या?"

लालासाहेबांनी माइककडं बघितलं. माइक चालू होता.

रंगूबाईनं रिबिनीची घागर उचलली, स्टेजच्या पायऱ्या उतरली, टँकरपाशी गेली आणि कॉक फिरवला. ड्रायव्हर उठला, तिचं तोंड बघून परत बसला. घागर गळ्यापर्यंत भरेस्तोवर अख्खा मंडप पाण्याचा आवाज ऐकत राहिला. मग ती घागर कमरेवर घेऊन स्टेजसमोर येऊन उभी राहिली.

"खाली या."

एवढ्या वर्षांत हंबीररावांना स्टेजवर या म्हणणारे खूप भेटले होते. खाली या म्हणणारं कुणी भेटलं नव्हतं. ते पायऱ्यांकडं निघाले.

"आबा, आबा, फोटो राहिला!"

"लालासायेब," हंबीरराव पायरीवरनं म्हणाले, "टँकरच्या माळा काढा. उद्या यायचंय त्येला."

खाली येऊन त्यांनी डोकं वाकवलं. चांगलं छातीपर्यंत वाकवलं. रंगूबाईनं त्यावर चुंबळ बसवली आणि ते सरळ झाल्यावर घागर चढवली. पाणी हिंदकळलं, उघड्या कपाळावरनं मिशांत उतरलं. घागर किती जड असते, हे त्यांना चौसष्टाव्या वर्षी कळलं.

"अगं," ते ओठातल्या ओठात म्हणाले, "पर शपथ मोडली की माजी."

"मोडली कुटं? पुरी झाली." रंगूबाई मोकळ्या हातांनी वस्तीच्या वाटेला लागली. "माज्या डोईवरची घागर उतरली, तुमच्या डोक्यावर फेटा चढला. चला, अजून दोन खेपा हायत."