बाबांची डुलकी

“हा शॉट राहणार,” एडिटर म्हणाली.

“अहो ताई, त्यात चेहरा नाही, नदी नाही. नुसते पाय!” दिग्दर्शक खुर्चीतून उठलाच.

पायच होते. पूल झाल्यावर जिची नाव बंद पडली, त्या नावाडी बाईवरची फिल्म. मुलाखतभर बाई पढवल्यासारखी बोलली होती. पूल चांगला, लोकांची सोय झाली, वगैरे. मुलाखत संपली, कॅमेरामन कॅमेरा खाली घेऊन उठला आणि बंद करायला विसरला. त्यात आले ते बाईचे चप्पल शोधणारे पाय आणि तिचा आवाज: “एकदा मीपण गेले पुलावरून. पाय कोरडेच राहिले. घरी आले आणि...” पुढे काहीच नाही. एक पाय चपलेत, दुसरा तसाच.

“लोक म्हणतील, कॅमेरा पडला वाटतं.”

“बाबांना बोलावू. त्यांना डुलकी लागली, तर माझ्या हाताने कापते. नाही लागली, तर तू बोट लावायचं नाहीस.”

दिग्दर्शक एका पायावर तयार झाला. तिच्या बाबांची ख्याती त्याला ठाऊक होती. पडदा उजळला की त्यांचा डोळा लागे. लेकीच्या लग्नाचा व्हिडिओही त्यांनी घोरत पाहिला होता. एडिटर प्रत्येक फिल्म आधी त्यांनाच दाखवायची. त्यांची मान जिथे पडेल, तिथे कात्री.

बाबा आतल्या खोलीतून आले, सोफ्यावर टेकले. लेकीने हातात चहा दिला आणि दिवा मालवला.

नदी आली, बाबांनी जांभई दिली. मुलाखत सुरू झाली. ‘लोकांची सोय झाली’ला त्यांची मान कलली. दिग्दर्शक देव पाण्यात घालून बसला होता. एडिटर पडद्याकडे बघतच नव्हती, ती त्या मानेकडे बघत होती. आजवर दुसऱ्यांचं ऐकून तिने पुष्कळ कापलं होतं. हेही कापावं लागलं, तर तिला हे कामच नकोसं होणार होतं.

मग पाय आले.

बाबांची मान वर आली. ओठांकडे निघालेला कप मध्येच थांबला. शॉट संपला तरी तो तिथेच होता.

एडिटरने फिल्म थांबवून दिवा लावला.

“काका, कंटाळा नाही आला?” दिग्दर्शकाने विचारलं. “शेवटी तर चेहराही दिसत नव्हता.”

“कुणाचा?”

“त्या बाईचा.”

“काहीतरीच काय! चांगली रडताना पाहिली की मी तिला. उलट्या हाताने डोळे पुसले तिने. तुमचं लक्ष कुठे होतं?”

एडिटरने आनंदाने टेबलावर थाप मारली. दिग्दर्शक पडद्याकडे बघत राहिला. तिथे दोन पाय होते आणि एक चप्पल.