दोरीखालचा गोल

ऊन आधी भिंतीच्या माथ्यावर आले. तिथे ते बराच वेळ नुसतेच बसून राहिले, जणू अंगणात उतरावे की नाही हे त्याचे ठरत नव्हते. मग विटांच्या सांध्यांना धरून ते हळूहळू खाली आले, पिंपातल्या पाण्यात क्षणभर थरथरले, ओल्या जमिनीवरून सरकले आणि दोरीवर वाळत घातलेल्या पांढऱ्या चादरीत शिरले. चादर आतून उजळली. सगळ्यात शेवटी ते दाराशी ठेवलेल्या प्रवासी बॅगेपाशी पोहोचले. बॅगेवर घरातली धाकटी लेक, चिमणी, बसली होती, आणि ती उठायला तयार नव्हती.

"अगं, गाडी येईल इतक्यात," आई म्हणाली.

"येऊ दे. मी जाणार नाही."

परदेशातल्या एका फुटबॉल क्लबने तिला चाचणीसाठी बोलावले होते. गेले काही दिवस घरात कुणाचे पाय जमिनीवर नव्हते. आणि आज, निघायच्या वेळी, तिने त्या सगळ्या आनंदावर पाणी फिरवले होते. "त्यांनी मला नाही बोलावलं. दादाच्या बहिणीला बोलावलंय."

दादा उंबऱ्यावर बसून बुटांच्या नाड्या बांधत होता. तो बचावपटू. इथल्या छोट्या क्लबातून तो परदेशात गेला आणि उमेदीची सगळी वर्षे त्याने तिकडच्या मैदानांवर काढली. त्याच्या बाजूने कुणी पुढे जात नसे, म्हणून तिकडच्या लोकांनी त्याचे नाव 'कुलूप' ठेवले होते. त्याला एकाच गोष्टीचा अभिमान होता: त्याने कधी कुणाचा शर्ट मागून ओढला नव्हता. "ज्याचे पाय संपतात, त्याचे हात पुढे येतात," असे तो म्हणे. यंदा क्लबाने त्याचा करार वाढवला नाही. प्रशिक्षक नवा आहे, एवढेच तो सांगत असे. पाय अजून तसेच आहेत, हे मात्र तो कुणी न विचारताही सांगे.

"काय केलं म्हणजे जाशील?" त्याने विचारले.

"माझ्याशी खेळ. खरंखुरं. लहानपणासारखं नाही."

लहानपणी दोरीचे दोन खांब म्हणजे त्यांचा गोल असे. ती चेंडू घेऊन आली की तो वाट द्यायचा, धाडकन आडवा व्हायचा आणि "मेलो, मेलो!" म्हणून ओरडायचा. ती टाळ्या पिटायची. मोठी झाल्यावर त्याच टाळ्या तिला टोचू लागल्या. त्या सगळ्या गोलांमधले खरे किती, हे तिला कधीच कळले नव्हते.

"एकदा तरी मी तुला खरोखर चुकवलं, तर जाईन," ती म्हणाली आणि उठली. तिच्या अंगात त्याचाच जुना शर्ट होता, धुऊन धुऊन विरलेला.

बाबा चहाचा कप घेऊन पंच झाले. दादा खांबांसमोर गुडघे वाकवून, अंग तिरपे करून उभा राहिला. डोळे फसवतात, पाय फसवतात. कंबर फसवत नाही. तो तिच्या कमरेकडे पाहत होता. ती आली, आणि त्याने चेंडू अलगद काढून घेतला. ती पुन्हा आली. चेंडू पुन्हा त्याच्या पायाशी.

"अरे, प्रवासाला निघालीय पोरगी," आई कळवळली. "एक तरी..."

"आई, तू गप्प बस हं!" चिमणी ओरडली.

तिसऱ्या वेळी त्याने तिला भिंतीकडे, तिच्या कच्च्या डाव्या पायाकडे रेटले. ती नेमकी त्याला हवी तिथे गेली. तिथून पुढे रस्ता नव्हता. असा रस्ता त्याने आजवर कितीतरी जणांचा बंद केला होता. पण डाव्या पायाने तिने चेंडू असा ओढून घेतला की त्याची नजर वळली आणि शरीर मागे राहिले. दोघांचे खांदे एकमेकांवर घासले. मग चादरीवर थप्प असा आवाज झाला. दादा पिंपाशेजारच्या चिखलात बसला होता.

"गोल!" बाबांचा चहा सांडला.

"माझी धुतलेली चादर!" आई म्हणाली, पण ती हसत होती.

"सोडलं तुला, चिमणे," दादा म्हणाला. शब्द सवयीनेच बाहेर पडले.

"पडलो तरी नाक वर!" आई म्हणाली.

चिमणी मात्र हसली नाही. ती परत बॅगेवर जाऊन बसली आणि बुटांच्या नाड्या सोडू लागली. बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. ती हलली नाही.

दादाने चादरीकडे पाहिले. भर उन्हात, बरोबर मधोमध, चेंडूएवढा गोल डाग उमटला होता. या क्षणाला तो किती वर्षे भीत आला होता! आणि आता तो क्षण येऊन गेला, तर छातीत भरून आले होते ते हसू. तो उठला, चिखलाच्या पायांनी तिच्यासमोर आला आणि गुडघ्यांवर बसला. एका हाताने तिच्या नाड्या आवळल्या. दुसरी मूठ अजून मिटलेलीच होती.

"सोडलं नव्हतं," तो म्हणाला.

"आता मी जावं म्हणून म्हणतोयस."

त्याने मूठ उघडली. तळहातावर विरलेल्या कापडाची एक चिंधी होती. चिमणीने आपल्या बाहीकडे पाहिले. बाहीची कड फाटून लोंबत होती.

"दादा," ती हळूच म्हणाली, "तू तर कधी कुणाचा शर्ट धरत नाहीस."

"आज धरला," तो म्हणाला. "तरी मला तुला अडवता आलं नाही."