सोनियाचा तिसरा नवरा

"प्रेम हा मनुष्यजातीला झालेला सर्वांत मोठा भ्रम आहे," असं काकासाहेबांनी जाहीर केलं आणि तोंडातला घास गिळायच्या आत विचारलं, "मग त्या सोनियाचं जमलं का?"

"जमलं." सारजाबाईंनी तव्यावरची भाकर उलटली. "बिडकीनला कंपनीत हाय. तिसराय हा."

काकासाहेब स्वतः मालिका बघत नसत. जेवताना बायकोच्या तोंडून भाग ऐकत आणि नावं ठेवत. पहिला ऑर्केस्ट्रात ढोलकी वाजवायचा. त्याच्यापायी सोनिया देवगाव रंगारीहून पळून आली. "ढोलकी वाजवून खाणार काय?" काकासाहेब म्हणाले, आणि पुढच्याच आठवड्यात ढोलकीवाला पुण्याला पसार झाला. मग शहागंजातला कापडवाला आला. "वयानं लई मोठाय," म्हटल्याबरोबर तोही मालिकेतून गेला. चॅनलवाले आपलं ऐकतात, असं काकासाहेब पारावर सांगू लागले होते.

"हा कसाय?"

"गरीब सोभावाचा. पीत नाय. तिला म्हणतो, एकदा बापाला भेटून ये."

काकासाहेबांनी खोट शोधून पाहिली. सापडेना.

"मग? गेली?"

"गेली. दारात उभीय. बाप कडी काढंना."

काकासाहेबांचा घास हातातच राहिला.

शेजारची प्रेरणा विरजण मागायला आली होती, ती उंबऱ्यातच थबकली. "काढील का हो काकू, कडी?"

"काय की बाई. त्याच्यापायी झोप नाय मला."

"मालिकाच तर हाय, काकू. कोणत्या चॅनलला लागती? मी पण बघते."

"आमच्याकडंच लागती," सारजाबाई म्हणाल्या आणि वाटीत विरजण घातलं.

प्रेरणा हसत गेली. काकासाहेबांनी ताटातच हात धुतला, पण पाटावरून उठले नाहीत. कोपऱ्यातल्या टीव्हीवर चादर टाकलेली होती. पळून गेलेल्या लेकीच्या तेराव्यापासून तो कुणी लावलाच नव्हता.

"सारजे," ते ताटाकडं बघत म्हणाले, "उद्या कडी काढू दे त्याला."

सारजाबाईंनी चुलीतलं लाकूड मागं ओढलं.

"अन् तेवढ्या माझ्यासारख्या मिशा नको ठेवू त्याला. प्रेरणा वळखील."