खोट्या यंत्राचा वेग

ज्या वर्षी बोग्नाचं लग्न झालं, त्या वर्षीच्या ऑगस्टात, लग्नाला दोन दिवस असताना, तिचा आजोबा झेनॉन भर दुपारी स्वयंपाकघरात बसून माकडाचा खेळ हरत होता.

खेळ जुना होता. तीस वर्षांपूर्वी पोलंडमधल्या रादोम शहराच्या बाजारातून एक यंत्र आणलं होतं, टीव्हीला जोडून सगळं घर त्यावर हा खेळ खेळायचं. ते यंत्र केव्हाच मोडलं आणि तसली यंत्रं बनणंही थांबलं. आता बोग्नाच्या कॉम्प्युटरवर एक प्रोग्राम होता. तो त्या जुन्या यंत्राचं सोंग घ्यायचा आणि खेळ सुरू व्हायचा. माकड झाडावर चढतं, नाशपाती तोडतं, कावळे त्याला पाडायला येतात, मागे एक छोटं गाणं वाजत राहतं. झेनॉन पूर्वी तिसावं झाड गाठायचा. आज तिसऱ्याच झाडावर कावळ्यानं माकड पाडलं. चौथ्यांदा.

"माकड म्हातारं झालं रे," गेनोवेफा म्हणाली. ती त्याची थोरली बहीण. लग्नाच्या केकसाठी खसखस वाटत होती.

"ताई, तू गप बस. तू उभ्या जन्मात चौथं झाड पाहिलं नाहीस."

"नाहीच पाहिलं. पण मी पडायची ती हसत पडायची. तुझ्यासारखं तोंड वाकडं नाही केलं कधी."

झेनॉननं हातातलं बटणांचं खोकं टेबलावर ठेवलं आणि उजव्या हाताकडे बघितलं. ईस्टरला त्याला अर्धांगवायूचा झटका येऊन गेला होता. हा हात महिनाभर लुळा पडला होता. आता हात बरा आहे, असं डॉक्टर म्हणाला, पण झेनॉनला ते पटत नव्हतं. त्याचं ॲकॉर्डियन तेव्हापासून पेटीत होतं. या घरातून जी जी नवरी चर्चला निघाली, तिच्यासाठी दारात त्यानंच वाजवलं होतं. बहिणीसाठी, मग मुलीसाठी. नातीसाठी मात्र तो नको म्हणून बसला होता. खेळात जिंकला की त्याला हाताचा भरवसा येईल, असं बोग्नाला वाटलं होतं.

"बघितलंस?" तो तिला म्हणाला. "बोटं मागे राहतात. शनिवारी दुसरा कुणी वाजवणारा बघ. पाहुण्यांपुढे शोभा नको."

बोग्नाच्या नाकाला पीठ लागलं होतं. खेळ बंद करायचंही तिला सुचलं नाही. गाणं तसंच वाजत राहिलं.

झेनॉन उठून दारापर्यंत गेला आणि थांबला. त्याचा पाय जमिनीवर ठेका धरायला बघत होता आणि चुकत होता.

"यावर नाचायचं कुणी?" तो म्हणाला. "बकऱ्यांनी?"

"कशावर, आजोबा?"

"या गाण्यावर. सूर तेच आहेत, पण लय पळतेय."

"काहीतरीच. तेच तर गाणं आहे."

"मला शिकवतेस? चाळीस वर्षं लग्नं वाजवली मी. थांब, ऐकवतो."

तो तणतणत आत गेला आणि पेटी घेऊन आला. गेनोवेफानं खसखशीच्या हातांनीच पट्टा त्याच्या खांद्यावर चढवला. भाता उघडला. झेनॉन वाजवू लागला, पाय ठोकत, सावकाश, ठाम. त्याचं गाणं एकदा संपेपर्यंत कॉम्प्युटरवरचं गाणं पुढच्या फेऱ्यात शिरलेलं होतं.

"बघ!" तो ओरडला. "कुठल्या कुठे गेलं ते!"

बोग्ना पडद्याकडे बघतच नव्हती. ती त्याच्या बोटांकडे बघत होती. गेनोवेफाचं वाटणं थांबलं होतं.

मग बोग्नानं कॉम्प्युटर पुढे ओढला. "आजोबा, खरं सांगू? खरा वेग हाच आहे. हा खेळ मूळचा जपानचा, तिथे असाच चालायचा. आपलं यंत्र नकली होतं, म्हणून सगळं हळू चालायचं."

"मग नकलीच लाव."

"अहो, नकली कोण कशाला—" ती थबकली. पडद्यावर वेगांची यादी उघडली होती. जपान आणि अमेरिका. त्याखाली युरोप. त्याखाली तिसरं नाव होतं, ते बाजारातल्या नकली यंत्रांचं.

"आहे की!" ती हसत सुटली. "आपला खोटेपणासुद्धा कुणीतरी जपून ठेवलाय!"

तिनं बटण दाबलं. कावळे शहाण्यासारखे उडू लागले. गाणं झेनॉनच्या पायाखाली येऊन बसलं.

"ताई, सरक," तो म्हणाला आणि ॲकॉर्डियन गळ्यात तसंच ठेवून बसला. चौथं झाड आलं, मग नववं. सोळाव्या झाडावर असताना ओव्हनमध्ये आधीच ठेवलेल्या एका केकची कड करपली, तरी कुणी उठलं नाही.

"मग शनिवारी?" बोग्नानं विचारलं.

"शनिवारी काय? दारात उभा असेन. तू तेवढी पळत बाहेर येऊ नकोस."

शनिवारी घरच्यांचे आशीर्वाद झाले आणि बोग्ना उंबऱ्याशी आली. झेनॉननं नवरीची जुनी धून वाजवली आणि मधेच माकडाचं गाणं घेतलं. पाहुणे एकमेकांकडे बघू लागले. बोग्नानं पांढरा झगा दोन्ही हातांनी उचलला आणि उंबऱ्यावरून जोडपायांनी उडी मारली. बाहेर काळ्या सुटात नवरा उभा होता.

"कावळा सांभाळ गं!" गेनोवेफा मागून ओरडली.

कॉम्प्युटरवरचा तो वेग पुढे कुणी बदलला नाही. झेनॉन लग्नानंतर तिसऱ्या वर्षी, फेब्रुवारीच्या नऊ तारखेला वारला.