मधलं शेत

मोजायची फीत पन्नास मीटरवर संपली. तोरुनचं घर अजून चार सऱ्या पलीकडे होतं.

"जरा ओढ की," शेताच्या त्या टोकावरून आसब्यर्न ओरडला. गावातलं एकुलतं दुकान त्याचं, त्यामुळे गावाची काळजीही तोच वाहायचा.

"फीत आहे, लोकर नाही," बोर्गहिल्ड आपल्या घराच्या भिंतीला टेकून म्हणाली. "ओढून वाढायची नाही."

स्कार्विका गावाचं दुखणं एवढंच होतं. पालिकेची हद्द कागदावर आखता येते, वस्ती मात्र घरांनीच जुळावी लागते. घराघरात पन्नास मीटरच्या आतलं अंतर आणि माणसं निदान दोनशे, तर ती वस्ती. नाहीतर नुसती डोंगराला चिकटलेली घरं. हिवाळ्यात दोन म्हातारे गेले, एक कुटुंब बर्गन शहरात गेलं आणि दोनशेचा आकडा हुकला. तोरुनच्या बाजूची घरं जोडली गेली तर तो सहज पार होणार होता. पण मध्ये आडवं पसरलं होतं बोर्गहिल्डचं बटाट्याचं शेत. वस्त्यांच्या सरकारी यादीतून नाव गेलं म्हणून काही बोटीची फेरी बंद होणार नव्हती. पण खाडीपलीकडच्या उल्वनेस गावचे लोक आत्तापासूनच विचारू लागले होते, काय हो, तुमच्याकडे माणसं राहतात ना अजून?

तोरुन ही बोर्गहिल्डची सख्खी धाकटी बहीण. तिच्या मुलाला, आयविनला, त्या शेतात घर बांधायचं होतं. बाबांच्या मातीत बटाटेच होतील, असं बोर्गहिल्ड तेव्हा म्हणाली होती. आयविन बर्गनला गेला, तिथेच त्याला मुलं झाली, आणि तोरुनच्या तोंडची 'ताई' ही हाक त्या दिवसापासून बंद पडली. एकीच्या धुराड्यातला धूर दुसरीच्या छपरावरून जायचा, पण शब्द जायचा नाही. दुकानात समोरासमोर आल्या, तर दोघी फ्रीजरमधल्या माशांकडे बघत राहायच्या. ते घर तेव्हा झालं असतं तर आज फीत आणावी लागली नसती, हे गावात कुणी बोलून दाखवत नव्हतं. बोर्गहिल्डला ते रोज खिडकीतून दिसायचं.

गावातल्या पुरुषांनी डोकं चालवलं. किनाऱ्यावरची बोट ठेवायची लाकडी खोली ट्रॅक्टरने ओढून, मधलं घर म्हणून शेताच्या मधोमध आणून ठेवली. मग आसब्यर्नने आकडेवारीच्या कचेरीला फोन लावला. दुकानात झाडून सगळे जमले होते, अगदी फ्रीजरपाशी तोरुनसुद्धा. फोनवरच्या मुलीने विचारलं, तिथे राहतं कोण? आसब्यर्न म्हणाला, बोट राहते. मुलगी पोट धरून हसली असावी, कारण फोन बराच वेळ गप्प होता. मग तिने समजावलं. अशी खोली चालत नाही. शेत हे अंतरच धरतात. मात्र मध्ये नदी असेल, बाग असेल, खेळाचं मैदान असेल, तर ते अंतर धरत नाहीत.

बोर्गहिल्ड कॉफीची पुडी घेऊन घरी गेली.

त्या वसंतात तिने बटाटे लावलेच नाहीत. बोटीची खोली परत किनाऱ्यावर धाडली, माती सपाट केली आणि गवताचं बी फेकलं. गाव भारावून गेलं. आसब्यर्नने दुकानात जाहीर केलं, की गावासाठी बापाचं शेत देणारी बाई विरळाच. बोर्गहिल्डने मान डोलावली आणि त्याला तसंच समजू दिलं. समोर तोरुनच्या खिडकीचा पडदा मात्र रोज थोडा थोडा सरकत होता.

जूनमध्ये गवत घोट्याला लागलं. ते कापून बोर्गहिल्ड खेळाच्या मैदानाच्या रेषा आखायला लागली. दोरी एका टोकाला दगडाखाली दाबायची, दुसऱ्या टोकाला जायचं, तोवर दगड निसटलेला. असं तिसऱ्यांदा झालं तेव्हा दगडाजवळ गुडघ्यापर्यंतचे रबरी बूट दिसले. तोरुनने दोरी उचलली.

"गावासाठी करतेय," ती गवताकडे बघत म्हणाली.

"मग काय, गावासाठीच," बोर्गहिल्ड म्हणाली आणि भराभर आपल्या टोकाला गेली.

एक रेषा झाली. दुसरी निम्म्यावर आली आणि आसब्यर्न सायकल दामटत आला. बोर्गहिल्डच्या टोकाशी त्याने धापा टाकत बातमी ओतली. समुद्रातल्या सामन माशांच्या पिंजऱ्यांवर कामाला एक मोठं कुटुंब आलं होतं, जुन्या शाळेत राहत होतं, त्यांची नावं आता गावात नोंदली गेली होती. चर्चकडची, म्हणजे शेताच्या अलीकडची बोर्गहिल्डची बाजू एकटीच दोनशेच्या पार गेली होती. आता शेताची गरजच उरली नव्हती. उशिराचे बटाटे अजूनही लावता येतील, म्हणाला.

बोर्गहिल्डने पलीकडे नजर टाकली आणि आवाज खाली आणला.

"माहीत आहे मला. गरम गोड वाफल घेऊन त्यांच्या दारात पहिली मीच गेले होते. तू हळू बोल. तिला कळलं तर दोरी टाकून घरी जाईल ती."

वारा मात्र समुद्राकडून तोरुनच्या दिशेने वाहत होता.

"त्या वाफलांवर त्यांनी लावला तो जॅम मीच नेऊन दिला होता," पलीकडून तोरुनचा आवाज आला. "दोरी ताठ धर, ताई."