अजून वीस वर्षं

बायको गेल्यावर घराच्या कर्जातून तिचं नाव काढायला मी मुलीला घेऊन बँकेत गेलो. मॅडम म्हणाल्या, “काका, अजून वीस वर्षं आहेत.” “वीस तर पहिल्या दिवशी होती! नऊ वर्षं हप्ते भरलेत आम्ही.” त्यांनी जुना फॉर्म दाखवला. व्याज वाढलं तेव्हा हप्ता वाढवायचा की मुदत, असं बँकेनं विचारलं होतं. आम्ही मुदतीवर खूण केली होती. हप्ता तेवढाच राहिला म्हणून खूशही झालो. कर्ज हलकं झालं की करू, म्हणत बायकोचं ऑपरेशन लांबवलं होतं. “तुमची नोकरी आठच वर्षं उरली. काकूंच्या जागी मुलीचं नाव घाला, नाहीतर आठ वर्षांत फेडायला हप्ता दीडपट.” तेवढा माझा पगारच नाही. “द्या पेन,” मुलगी म्हणाली. “बाबा, तोंड पाडू नका.” ती तेवीस वर्षांची आहे, नुकतीच नोकरीला लागलेली. मी तिचं मनगट धरलं. मग सोडलं.