पहिला मान

"दोघांना एकाच वेळी. त्याच्या कपात धार पडली की ह्याच्याही पडलीच पाहिजे," सदानंद दाराशी बजावत होता. आखातातल्या मुशैरिब भागातल्या त्या हॉटेलात मेजवान्यांचं सगळं तोच बघायचा. दोन बड्या देशांच्या मंत्र्यांच्या खुर्च्या त्यानं टेपनं मोजून सारख्या केल्या होत्या.

"आणि मधल्या बाई?" खलीलनं विचारलं. दोघे वाढपी; गहव्याची, म्हणजे अरबी कॉफीची, एक किटली त्याच्या हातात, दुसरी काशिफच्या.

"त्या शेवटी. एवढासा देश. रुसून जातो कुठं?"

बाई एका बेटाच्या अध्यक्षा. युद्धात बेटाची राख झाली होती आणि ती राख कुणाच्या खिशात जायची, एवढंच आज ठरणार होतं. बाई म्हणत होत्या, कुणाच्याच नाही. आमच्या बंदरात दोघांचीही फौज नको.

त्यांच्या शेजारची खुर्ची रिकामी होती. समोर नावाची पाटी, आधीच्या अध्यक्षाची. त्याला बॉम्बनं मारलं. बॉम्ब आमचा नव्हे, असं दोघंही म्हणत. शोकसंदेश मात्र दोघांनीही पाठवले होते.

सदानंद आत गेला आणि त्यानं खुर्चीच्या पाठीला हात घातला. "मॅडम, फोटोत बरं दिसत नाही," तो इंग्रजीत म्हणाला.

"हात काढा." बाई खलीलकडे वळल्या. "इथे पहिला कप कुणाला देतात?"

"ज्याचा मान मोठा त्याला, मॅडम."

"मग ह्यांना द्या." त्यांनी रिकाम्या खुर्चीकडे बोट केलं.

सदानंद खलीलच्या कानाशी आला. आता मराठीत. "शहाणपणा नको हां. बायको हजरा नि पोरगी आत्ताच इकडं आल्यात ना तुझ्या? तिघांना एकाच विमानात बसवून परत धाडतील. यल्ला, मंत्रीसाहेबांकडे चल."

पलीकडच्या मंत्र्यापाशी काशिफ किटली तिरकी करून खोळंबला होता.

खलील रिकाम्या खुर्चीपाशी गेला. "बिस्मिल्ला," पुटपुटला आणि घोटभर गहवा ओतून कप पाटीसमोर ठेवला. वेलदोड्याचा वास सुटला.

"झालं ना तुझं? निघ आता," सदानंद फुसफुसला.

"कसा निघू, साहेब? पाहुणा कप हलवून बस्स म्हणेपर्यंत वाढणाऱ्यानं हलायचं नसतं. रिवाज आहे इथला."

दोन्ही मंत्र्यांचे हात कपासाठी पुढे आले होते, ते तसेच राहिले. सगळे त्या एका कपाकडे बघत होते.

कप हलेना.